दूरचित्रवाणीवरील बालनट आणि वाणीचा प्रश्न : गायेल गार्सिया बेर्नाल याच्या कारकीर्दीचे विवेचन

१

नटाच्या चरित्राचा इतिहासाच्या अभ्यासकाला काय उपयोग, असा प्रश्न विचारला जाण्याचा संभव आहे. राजकीय वा आर्थिक इतिहासाच्या दृष्टीने त्या प्रश्नात तथ्यही असेल. परंतु भाषेच्या सामाजिक इतिहासाकडे वळताच नटाचे महत्त्व एकदम वाढते. कोणती वाणी लाखो लोकांच्या कानी पडावी आणि कोणती पडू नये, याचा निर्णय एखादा समाज जेथे घेतो, त्या ठिकाणांत रंगभूमी, नभोवाणी आणि दूरचित्रवाणी यांची गणना करावी लागते. आणि जो नट बालपणीच दूरचित्रवाणीच्या चित्रणगृहात शिरतो, त्याची वाणी तर घडण्याच्या काळातच त्या निर्णयाच्या कक्षेत येते. या दृष्टीने गायेल गार्सिया बेर्नाल या मेक्सिकन नटाची कारकीर्द तपासून पाहणे, हा प्रस्तुत निबंधाचा हेतू आहे. त्याचा बालपणापासूनचा सहकारी दिएगो लुना याच्या कारकीर्दीचा तुलनेपुरता विचार केला आहे.

२

प्रथम पार्श्वभूमी पाहू. मेक्सिकोत दूरचित्रवाणीचे नियमित प्रक्षेपण १९५० च्या ऑगस्टअखेरीस सुरू झाले, आणि दुसऱ्याच दिवशी, म्हणजे १ सप्टेंबरला, राष्ट्राध्यक्ष मिगेल आलेमान यांचे वार्षिक निवेदन त्या माध्यमातून दाखविण्यात आले. १९५१ मध्ये एमिलिओ आस्कार्रागा यांची वाहिनी आली. १९५५ मध्ये राजधानीतील तीन वाहिन्या 'तेलेसिस्तेमा मेहिकानो' या एका संस्थेत विलीन झाल्या आणि १९७३ मध्ये आणखी एका विलीनीकरणातून 'तेलेव्हिसा' ही संस्था जन्माला आली. खाजगी क्षेत्रातून तिला खरा प्रतिस्पर्धी मिळाला तो १९९३ मध्ये, सरकारी वाहिन्यांचे खाजगीकरण झाल्यावर. तात्पर्य, सुमारे वीस वर्षे एका देशाची दृक्‌श्राव्य करमणूक बव्हंशी एकाच घराण्याच्या हाती होती.

या व्यवस्थेचे मुख्य उत्पादन म्हणजे तेलेनोवेला. दररोज दाखविली जाणारी आणि काही महिन्यांनी निश्चित शेवटास पोहोचणारी ही दीर्घ कथामाला होय. १९५८ मधील 'सेंदा प्रोइबिदा' ही मेक्सिकोतील पहिली तेलेनोवेला मानली जाते. पुढे या मालांना परदेशी बाजारपेठ मिळाली. १९७९ मध्ये सुरू झालेली 'लोस रिकोस ताम्बियेन योरान' ही माला सोव्हिएत संघाच्या अखेरच्या दिवसांत तेथील घराघरांत पाहिली गेली. तेथे ती रशियन अनुवादात पोहोचली हे खरे. परंतु स्पॅनिश भाषक देशांत मात्र तिला मूळ वाणीतच जावे लागत असे. त्यामुळे काराकास, लिमा वा बोगोता येथील श्रोत्यास खटकणार नाही अशी स्पॅनिश ही उद्योगाची व्यावहारिक गरज बनली.

त्याच सुमारास मेक्सिकोत परदेशी कार्यक्रमांना स्पॅनिश आवाज देण्याचा मोठा धंदा वाढला, आणि त्यातून 'तटस्थ स्पॅनिश' ही संज्ञा रूढ झाली. वस्तुतः कोणतीही उच्चारपद्धती तटस्थ नसते. या तटस्थ वाणीचा पाया मेक्सिको शहरातील सुशिक्षितांची बोली हाच होता. तिच्यातून स्थानिक शब्द व लकबी तेवढ्या वगळल्या जात. मेक्सिकोच्या पठारी प्रदेशात व्यंजने ठळक उच्चारली जातात आणि आघातहीन स्वर क्षीण होतात. या स्वरलोपाचे विवेचन हुआन लोपे ब्लांच यांनी १९६३ मध्ये केले होते. उलट, किनारपट्टीच्या बोलींत शब्दान्तीचा सकार शिथिल होतो. दूरचित्रवाणीने पठारी उच्चार नियम म्हणून स्वीकारला, आणि किनारपट्टीचा उच्चार 'बोली' ठरला. पुढे राउल आविला यांनी प्रसारमाध्यमांतील स्पॅनिशचा पद्धतशीर अभ्यास हाती घेतला तो याच प्रश्नाच्या अनुरोधाने.

येथे चित्रणगृहातील एका प्रथेचा उल्लेख अवश्य केला पाहिजे. मेक्सिकन तेलेनोवेलांत नटाच्या कानात एक लहानसे श्रवणयंत्र बसविण्याची पद्धत होती आणि प्रॉम्प्टर त्यातून संवाद पुरवीत असे. पाठांतराचा वेळ वाचे, आणि रोजचा भाग रोज चित्रित करणे शक्य होई. परंतु नटाला एकाच क्षणी ऐकावे आणि बोलावे लागे. कानी पडणाऱ्या परक्या वाणीवरून आपली वाणी उचलण्याची ही सवय स्वराघात व लय यांना एका ठरावीक साच्याकडे नेत असली पाहिजे, असा तर्क करण्यास जागा आहे.

३

गायेल गार्सिया बेर्नाल याचा जन्म ३० नोव्हेंबर १९७८ रोजी हालिस्को राज्यातील ग्वादालाहारा येथे झाला. आई पात्रिसिया बेर्नाल आणि वडील होसे आंखेल गार्सिया ही दोघेही अभिनयक्षेत्रातील. रंगभूमीचा परिचय त्याला घरातच झाला. १९८९ मध्ये 'तेरेसा' या तेलेनोवेलेत तो दिसला. तिची नायिका साल्मा हायेक होती. १९९२ मध्ये 'एल आब्वेलो इ यो', म्हणजे 'आजोबा आणि मी', या मालेत त्याला प्रमुख बालभूमिका मिळाली. गरीब मुलगा, श्रीमंत घरची मुलगी आणि एकाकी वृद्ध यांच्या स्नेहाची ही कथा होती. वृद्धाच्या भूमिकेत होर्खे मार्तिनेस दे ओयोस हे जुने व मान्यवर नट होते. दिएगो लुना हाही याच मालेत होता. दोघांच्या माता परस्परांच्या मैत्रिणी असल्याने त्यांचा स्नेह त्याही पूर्वीचा होता.

मालेतील मुलीचे काम लुडविका पालेता हिने केले. तिचा जन्म पोलंडमधील क्राकूव्ह येथील. वडील व्हायोलिनवादक, त्यांच्याबरोबर ती लहानपणीच मेक्सिकोत आली. १९८९ मधील 'कारुसेल' या मुलांच्या मालेत अभिजनवर्गातील गर्विष्ठ मुलीची भूमिका करून ती घरोघरी परिचित झाली होती. 'कारुसेल'ची मूळ कथा अर्जेंटिनी होती आणि निर्माते व्हालेंतिन पिम्श्टाइन हे मूळचे चिलीचे. ज्या वाणीला प्रेक्षक सहजपणे 'मेक्सिकन' समजत होते, तिच्यामागे पोलंड, अर्जेंटिना आणि चिली येथून आलेली माणसे व कथा होत्या. प्रमाण वाणी ही जन्मसिद्ध नसून शिकून घेण्याची वस्तू आहे, याचे याहून बोलके उदाहरण क्वचितच सापडेल.

तथापि त्या वाणीबाहेर एक मोठा प्रदेश होता. १९६० च्या नभोवाणी व दूरचित्रवाणी कायद्याने प्रक्षेपणात 'राष्ट्रीय भाषा' वापरण्याचे बंधन घातले होते. देशात ६८ आदिभाषा असल्याची अधिकृत नोंद आहे आणि २०२० च्या जनगणनेनुसार त्या बोलणाऱ्यांची संख्या सुमारे ७३ लाख आहे. गार्सिया बेर्नालच्या चरित्रविषयक वृत्तांतांत असे नमूद आहे की, चौदाव्या वर्षाच्या सुमारास तो विशारिका, म्हणजेच हुइचोल, लोकांना वाचावयास शिकविण्याच्या कामात सहभागी होता, आणि १९९४ मध्ये चियापासमधील उठावाच्या वेळी झालेल्या निदर्शनांतही त्याने भाग घेतला. ज्या पडद्यावर तो नुकताच चमकला होता, त्या पडद्यावर या लोकांच्या भाषेला स्थान नव्हते. या अनुभवाचा त्याच्या पुढील अभिनयाशी थेट कार्यकारणसंबंध जोडणे धाडसाचे होईल. परंतु दोन्ही गोष्टी एकाच वयात घडल्या, हे दृष्टिआड करता येत नाही.

४

बालनटाची ख्याती बहुधा आवाज फुटण्याच्या वयात ओसरते. गार्सिया बेर्नालने या संधिकालात दूरचित्रवाणीचा राजमार्ग सोडला. १९९६ मध्ये 'दे त्रिपास, कोरासोन' या लघुपटात त्याने काम केले. पुढे लंडनच्या सेंट्रल स्कूल ऑफ स्पीच अँड ड्रामा या संस्थेत तो शिकावयास गेला. संस्थेच्या नावातच नाट्याच्या आधी वाणी आहे, ही गोष्ट प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने अर्थपूर्ण आहे.

२००० मध्ये आलेह्‌आंद्रो गोन्सालेस इन्यारितू यांचा 'आमोरेस पेर्रोस' आणि २००१ मध्ये आल्फोन्सो क्वारोन यांचा 'इ तू मामा ताम्बियेन' हे चित्रपट आले. दुसऱ्या चित्रपटाचे भाषिक मूल्य विशेष आहे. गार्सिया बेर्नाल हा मध्यमवर्गीय हुलिओ, तर लुना हा सत्ताधारी पुढाऱ्याचा मुलगा तेनोच. दोघे राजधानीतील तरुणांच्या सांकेतिक, शिवराळ बोलीत अखंड बोलतात, स्वतःच्या टोळीला 'चारोलास्त्रा' असे स्वतः घडविलेले नाव देतात, आणि त्यांच्याबरोबर प्रवास करणारी स्त्री स्पेनमधील असल्यामुळे त्यांची भाषा प्रेक्षकालाही बाहेरून ऐकू येते. मधूनमधून सर्व ध्वनी थांबतात आणि निवेदकाचा शांत, प्रौढ, लेखी वळणाचा आवाज ऐकू येतो. मुले जे बोलत नाहीत, म्हणजे वर्गभेद, मृत्यू, वाटेवरच्या गरिबांची कहाणी, ते तो सांगतो. समान बोली हा मैत्रीचा भक्कम पाया वाटतो, परंतु वर्गभेद तिला भेदून जातो, हे या दोन भाषास्तरांच्या योजनेमुळेच उमगते. तेलेनोवेलेत वाढलेल्या दोन मुलांनी तेलेनोवेलेला निषिद्ध असलेली भाषा बोलावी, यात तत्कालीन प्रेक्षकांना नवीनता वाटली असल्यास नवल नाही. त्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात दोघांना मिळून उदयोन्मुख नटांसाठीचे मार्चेल्लो मास्त्रोयान्नी पारितोषिक देण्यात आले.

५

यानंतर गार्सिया बेर्नालची वाट अनेक उच्चारांतून गेली. २००४ मध्ये वॉल्टर सालेस यांच्या चित्रपटात त्याने तरुण एर्नेस्तो गेव्हारा साकारला. येथे अर्जेंटिनी वाणी आवश्यक होती. तिच्यात 'तू' या सर्वनामाऐवजी 'व्होस' येते, आणि मेक्सिकोत 'य' असा उच्चारला जाणारा ध्वनी 'श' वा त्याच्या घोष रूपाकडे झुकतो. त्याच वर्षी पेद्रो आल्मोदोवार यांच्या 'ला माला एदुकासिओन'मध्ये त्याने स्पेनमधील उच्चार आत्मसात केला. त्या उच्चारात या शीर्षकातील 'स' जिभेचे टोक दातांमध्ये आणून काढलेला घर्षक होतो. एकाच नटाने एकाच वर्षी एकाच भाषेच्या दोन दूरस्थ रूपांत प्रमुख भूमिका कराव्यात, ही घटना अपवादात्मक म्हणावी लागेल.

२०१२ मधील पाब्लो लार्राइन यांचा 'नो' हा चित्रपट आपल्या विषयाला अधिकच जवळचा आहे. १९८८ च्या चिलीतील सार्वमतात दोन्ही पक्षांना २७ दिवस रोज १५ मिनिटांचा दूरचित्रवाणी-वेळ मिळाला होता. त्या 'नकार' मोहिमेच्या जाहिराती घडविणाऱ्या तरुणाची भूमिका गार्सिया बेर्नालने केली. चित्रण त्या काळच्या चित्रफितीच्या जुन्या यंत्रांवर करण्यात आले. पात्र मेक्सिकोतील विजनवासातून परतलेले दाखविल्यामुळे नटाच्या उच्चारास कथेतच आधार मिळाला. बालपणी ज्या माध्यमाने त्याला घडविले, त्या माध्यमाची सत्ता आणि तिचा प्रतिकार या दोहोंचे चित्र त्याने येथे उभे केले. २०१७ मधील 'कोको' या व्यंगचलच्चित्रात एकाच पात्राला त्याने इंग्रजी व स्पॅनिश अशा दोन्ही भाषांत स्वतःचा आवाज दिला. एरवी अनुवादात नटाचा आवाज बदलतो. येथे भाषा बदलली, आवाज कायम राहिला.

लुनाने मात्र दुसरे उत्तर दिले. २०१६ च्या 'रोग वन' या चित्रपटात आणि पुढे २०२२ व २०२५ मध्ये प्रसृत झालेल्या 'अँडॉर' मालेत त्याने इंग्रजी संवाद आपल्या मेक्सिकन उच्चारातच बोलले. २०१७ मध्ये एका प्रेक्षकाने लिहिलेला अनुभव बहुश्रुत झाला. मेक्सिकन वळणाचे इंग्रजी बोलणाऱ्या वडिलांना हा चित्रपट दाखविला असता, नायक आपल्यासारखाच बोलतो आणि ते बदलण्याची त्याला गरज पडत नाही, याचे त्यांना अप्रूप वाटले होते. एका मित्राने दाखवून दिले की, उच्चार शिकता येतो. दुसऱ्याने दाखवून दिले की, तो न टाकताही नायक होता येते. या दोन उत्तरांत विरोध नाही. दोन्हींच्या मुळाशी एकच जाणीव आहे : उच्चाररहित वाणी अस्तित्वात नाही.

६

एका नटाच्या कारकीर्दीवरून भाषेच्या इतिहासाचे नियम बांधता येत नाहीत, हे उघड आहे. अभिनयघराण्यात जन्म, लंडनमधील शिक्षण, मेक्सिकन चित्रपटाच्या नवोदयाचा अनुकूल काळ, या गोष्टी शेकडो बालनटांच्या वाट्यास आल्या नाहीत. परंतु एक निष्कर्ष काढण्यास हरकत नसावी. दूरचित्रवाणीने बालकाला एक ठरीव वाणी दिली. त्याच वेळी वाणी ही अंगावर चढविता येते, हेही नकळत शिकविले. पहिल्या गोष्टीने प्रमाणभाषेचे राज्य दृढ झाले, दुसरीत त्या राज्याच्या चिकित्सेचे बीज होते. ते रुजले ते मात्र चित्रणगृहाबाहेर.

कायद्याच्या क्षेत्रातही हा प्रश्न पुढे आला. प्रक्षेपणात स्पॅनिशला प्राधान्य देणारे नव्या दूरसंचार कायद्यातील कलम मेक्सिकोच्या सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये घटनाबाह्य ठरविले. ही दाद मागणारे मार्दोनिओ कार्बाल्यो हे नाहुआत्ल भाषेतील कवी व पत्रकार. न्यायालयाने दार उघडले, तरी पडद्यावर विशारिका वा नाहुआत्ल बोलणारे मूल नायक म्हणून कितपत दिसते, हा वेगळा प्रश्न राहतो. स्पॅनिशच्या एका रूपातून दुसऱ्या रूपात जाणाऱ्या नटाचे आपण कौतुक करतो. परंतु ज्या मुलाची भाषाच पडद्यावर नाही, त्याला अशा प्रवासाचा आरंभबिंदूही लाभत नाही. दूरचित्रवाणीचा भाषिक इतिहास लिहिताना जे ऐकू आले त्याइतकीच जे ऐकू आले नाही त्याचीही नोंद ठेवणे, हे म्हणूनच संशोधकाचे कर्तव्य ठरते.