मधल्या नंबरचा पैलवान

सन १९६०, माघ महिना. तुमचं वय तेवीस. गाव खानापूर तालुक्यात, विट्याच्या पलीकडं. जिल्ह्याचं नाव अजून दक्षिण सातारा आहे. त्याला सांगली म्हणायला हे वर्ष सरत यावं लागेल. महाराष्ट्र राज्यसुद्धा मे महिन्यात व्हायचंय. तुमच्या डोक्यात मात्र कचेरीचा जिल्हा नसतोच. तुमचा मुलूख जत्रांनी आखलेला आहे. कुठल्या गावचा फड कुठल्या तिथीला, कुठली कमिटी इनाम रोख हातावर ठेवते, कुठं निकाली कुस्तीलाच पैसे देतात आणि कुठं बरोबरीत सुटली तरी निम्मे मिळतात, हे तुम्हाला तोंडपाठ आहे.

पहाटे साडेतीनला तालमीत कंदील लागतो. आज माती उकरायची पाळी तुमची. खोरं घेऊन तुम्ही हौद्यात उतरता. ताक, तेल, हळद आणि लिंबाचा रस पिऊन मुरलेली तांबडी माती आंबूस वास सोडते. चार हात खोल उकरल्यासारखी दमछाक होते, आणि अजून जोर-बैठका सुरूही व्हायच्या आहेत. मग मारुतीला नमस्कार, मूठभर माती अंगाला, आणि लढत. तुमच्याबरोबर एकामागून एक पाच-सहा पोरं लढतात. वस्ताद कोपऱ्यात पाटावर बसून फक्त एवढंच म्हणतात, "मान वर. आरं, मान वर!"

डावा कान दोन वर्षांपूर्वी मोडला. आतल्या रक्ताची गाठ झाली, दुखली, सुकली आणि आता कानाची पाळी नुसती वळकटी होऊन राहिली आहे. एस.टी.त बसलात की कंडक्टर आधी कानाकडं बघतो आणि मग विचारतो, "कुठं हाय मैदान, पैलवान?"

ही ओळख मिळवायला घरानं काय दिलंय, ते तुम्हाला ठाऊक आहे. बदाम, खसखस, बडीशेप, मिरी कुंडीत घोटून थंडाई करायची, तर बदामाला पैसे लागतात. ते मद्रासहून येतात. थोरला भाऊ तिकडं गलाईच्या दुकानात आहे. खानापूर-आटपाडीकडची माणसं सोनं-चांदी गाळायच्या धंद्यात देशभर पांगलेली, त्यातलाच तो एक. भट्टीच्या धगीत बसून तो महिन्याच्या महिन्याला मनीऑर्डर करतो. घरच्या म्हशीची धार तुमच्या तांब्यात पडते. धाकटी बहीण कोरा चहा पिते. तिनं कधी तक्रार केली नाही, आणि म्हणूनच तो तांब्या तोंडाला लावताना तुम्ही तिच्याकडं बघत नाही.

आजचा फड कोरेगाव तालुक्यात. ताकारीला मीटरगेजची गाडी पकडायची, रहिमतपूरला उतरायचं आणि पुढं चालत. डब्यात वस्ताद, तुम्ही आणि तालमीतली तीन पोरं. पिशवीत लंगोट, जांग्या, तेलाची बाटली, भाकरी. शेणोली गेलं, कऱ्हाड आलं की वस्ताद खिडकीतून बोट दाखवतात. त्या अंगाला गोळेश्वर. खाशाबा जाधवांचं गाव.

गोष्ट पोरांनी शंभरदा ऐकली आहे, तरी पुन्हा ऐकतात. १९४८ साली लंडनला खाशाबा सहावे आले. माती सोडून पहिल्यांदाच मॅटवर उतरले होते. १९५२ ला हेलसिंकीला जायचं तर पैसे नाहीत. कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. खाशाबांनी ब्राँझ पदक आणलं, स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. कऱ्हाड स्टेशनावरून बैलगाड्यांची रांग लागली. वस्ताद इथवर रंगात येऊन सांगतात, मग आवाज उतरवतात.

"आन् मग त्या माणसानं काय केलं? कोल्लापुरात कुस्त्या भरवल्या, सोता लढला, आन् खर्डेकर सायबाचं पैसं फेडलं."

पोरांना पदक आवडतं. तुम्हाला गोष्टीचा हा शेवट जास्त लागतो. जगात तिसरा आलेला माणूस कर्ज फेडायला पुन्हा मातीत उतरला. पुढं १९५५ ला तो पोलिसात फौजदार म्हणून लागला. म्हणजे तुमच्यात आणि त्याच्यात अंतर आभाळाएवढं असलं, तरी पोटाचा प्रश्न दोघांचा एकच.

दुपारी फडावर पोचता. ओढ्याकाठी नांगरून, पाणी मारून, दगड वेचून आखाडा केलाय. भोवती माणसंच माणसं, झाडांवर पोरं. हलगी कडाडते. रेवड्यांवरच्या कुस्त्या संपल्यात, आता आठ आण्यांच्या, रुपयाच्या चालल्या आहेत. काही लोक अजूनही आणेच म्हणतात; नवे पैसे येऊन तीन वर्षं होत आली, जिभेला मात्र वळण जुनंच आहे. एक नंबरची कुस्ती दिवस कलताना लागेल. ती बघायलाच गर्दी आली आहे. त्या जोडीतला एक पैलवान कोल्हापूरचा. तो अजून गाडीतून उतरलेलाही नाही. तुमची कुस्ती चौथ्या नंबरची.

जोड ठरायच्या आधी एक माणूस तुम्हाला बाजूला घेतो. बंडी, टोपी, तोंडात पान. हळू आवाजात सांगतो, "खडाखडी करा पंधरा मिनिटं, पब्लिक खूश. बरोबरीत सोडवू. इनाम निम्मं निम्मं. उगं हाडं कशाला मोडून घ्यायची?" नुरा कुस्ती. हिशेबानं पाहिलं तर तो खोटं बोलत नाही. खांदा दुखावला तर पुढचे दोन महिने घरी बसावं लागेल, आणि खुराक काही थांबत नाही. तुमच्या वयाचे, तुमच्याच नंबरचे कितीतरी जण हो म्हणतात. मी त्यांना दोष द्यायला धजणार नाही. तुम्ही नाही म्हणता. कोपऱ्यात वस्ताद उभे आहेत आणि बहिणीचा कोरा चहा डोळ्यापुढं येतो, एवढंच कारण.

समोर एकोणीस वर्षांचा पोरगा. माणदेशाकडचा, सडसडीत, गुडघ्यात हरणाचं बळ. सलामी झडते. पहिली पाच मिनिटं नुसती मनगटं. तो हलका हात लावून तुमचा तोल बघतो, तुम्ही त्याच्या मानेवर वजन टाकता. एकाएकी खाली वाकून तो पट काढतो. पाय सुटता सुटता तुम्ही त्याच्या पाठीवर पडता, मागं जाता, कब्जा घेता. माणसं उठून उभी. एक हात त्याच्या मानेवर, दुसरा लांगेत, घिस्सा ओढायचा. एकदा ओढता, तो तटतो. दुसऱ्यांदा त्याची पाठ कलते, एक खांदा मातीला टेकतो, दुसरा चार बोटं वर. तेवढ्यात मातीनं निसरडा झालेला त्याचा दंड तुमच्या मुठीतून निसटतो आणि पोरगा उठून उभा.

वीस मिनिटं होऊन जातात. घामानं डोळ्यांत माती उतरते. पंच ‘निकाली करा’ म्हणतात. आता तुमचा श्वास घशाशी आहे, त्याचा अजून छातीतच. तुम्हाला कळतं की तो वाट बघतोय. उभ्यानंच तो आत शिरतो, कंबर लावतो, आणि ढाकेवर तुम्ही आडवे होता. आभाळ दिसतं. हलगी वेडी होते.

लोक त्याला खांद्यावर घेतात. तो फेटा हातात धरून गर्दीतून फिरतो आणि नोटा, नाणी पडत राहतात. तुम्ही ओढ्यात अंग धुता. तिथं एक म्हातारा धोतर सावरत येतो, तुमच्या ओल्या हातावर रुपया ठेवतो. "हरलास, पर कुस्ती केलीस गड्या." पोरगाही येतो, पाया पडतो. वर्षभरात तो दोन नंबरला लढू लागेल, त्याच्या पुढल्या वर्षी एक नंबरला. ढाकेला माणूस कधी दमतो ते त्याला आज तुमच्या अंगावर कळलं.

इथं मला तुम्हाला तेवीस वर्षांच्या अंगातून क्षणभर बाहेर काढायचंय. याच हंगामात इंग्लंडच्या तिसऱ्या-चौथ्या डिव्हिजनमध्ये तुमच्यासारखाच एखादा फुटबॉलपटू शनिवारी शनिवारी चिखलात खेळतोय. क्लब बदलतो, गाव बदलतो, वर्तमानपत्रात नाव आलंच तर शेवटच्या ओळीत. तिथं पगाराला कायद्यासारखी मर्यादा आहे, आठवड्याला जास्तीत जास्त वीस पौंड. ती १९६१ च्या जानेवारीत उठेल. त्याच्या हातात निदान वर्षाचा करार असतो, जायबंदी झाला तर मालिशवाला असतो. तुमच्याकडं नारळ आणि हातावर दिलेला हात. पण दोघांचं काम एकच आहे. वरच्या फळीत कोण जाणार हे त्यांच्यासारख्यांच्या अंगावर ठरतं. जोड चांगला नसेल तर पैलवान घडत नाही, हे आमच्याकडचे सगळे वस्ताद सांगतात. आणि तरी कुस्तीचा इतिहास लिहिताना जोडाचं नाव कुणी लिहीत नाही. मला ते डाचतं.

पुढची वर्षं भराभर जातात. श्रीपती खंचनाळे आदल्या वर्षी पहिले हिंदकेसरी झालेत. यंदा तो मान शिराळ्याकडच्या पुनवतच्या गणपत आंदळकरांना मिळतो. १९६१ पासून महाराष्ट्र केसरी सुरू होते. १९६२ ला जकार्ताच्या आशियाई स्पर्धेत आंदळकर आणि कवठेपिरानचे मारुती माने, दोघंही सुवर्णपदक घेऊन येतात. १९६४ ला माने हिंदकेसरी. तुमच्याच जिल्ह्यातली दोन गावं! गावोगाव तालमी भरून वाहतात. कुंडलच्या मैदानावर तुम्हीही लढता, पाचव्या-सहाव्या नंबरला, आणि तो दिवस तुम्हाला जन्मभर पुरतो. खासबागेतही एकदा उतरता. शाहू महाराजांनी रोमचं कलोझियम पाहून बांधलेलं ते मैदान खालून, हौद्यातून, कसं दिसतं ते फार थोड्यांनी पाहिलंय. चारी बाजूंनी चढत गेलेली माणसं, आणि मधे तुम्ही.

मग ११ डिसेंबर १९६७. पहाटेचे चार वाजून गेलेले. तुमचं वय आता तीस, तालमीत पोरांना बैठका मारायला लावून तुम्ही जोर काढताय. अकराव्या-बाराव्या जोराला तळहाताखालची जमीन सरकते. आधी वाटतं, चक्कर आली. मग कंदील खुंटीवर झुलू लागतो, भिंतीचा गिलावा मातीत पडतो आणि कोणीतरी ओरडतं, "भाईर!" उघड्या अंगानं, लंगोटावर, सगळी तालीम रस्त्यावर. उजाडल्यावर कळतं, कोयनानगर बसलंय, पाटणकडं माणसं दगड-मातीखाली आहेत. त्या हंगामात तुम्ही लढत नाही. तालमीतल्या पोरांना घेऊन पाटणला जाता आणि पडलेल्या घरांतले वासे, तुळ्या उचलता. एवढं बळ कमावलं ते कशासाठी, असं गावात जे पूर्वी हसत विचारायचे, ते तेव्हा काही विचारत नाहीत.

आणि १९७२. पाऊस नाही. म्हैस विकली. पस्तिशीचा पैलवान दुष्काळी कामावर खडी फोडतोय, आणि दुपारी सुकडीच्या रांगेत उभा आहे. मुकादम ओळखीचा निघतो. तुमच्या कानाकडं बघतो आणि नजर वळवतो. खुराक सुटला की अंग सुटतं. भूक मात्र पैलवानाचीच राहते. गुडघे बसताना वाजतात. भावानं मद्रासला बोलावलं होतं, पण भट्टीपुढं मांडी घालून बसायला हे गुडघे तयार नाहीत. शेवटी एका साखर कारखान्यात पहारेकऱ्याची नोकरी लागते. साहेबानं अर्ज वाचलाच नाही, छाती बघितली.

१९७८ चा माघ. रात्री देवळात जत्रा कमिटीची बैठक. तुम्ही खांबाला टेकून बसला आहात. वर्गणी कमी जमलीये. तरणे कार्यकर्ते म्हणतात, यंदा एकच मोठी कुस्ती लावू, नावाजलेले दोन मल्ल आणू, लोक तेवढ्यासाठीच येतात. मधल्या चार-पाच कुस्त्या कापल्या की पैसे जुळतात. हिशेब बरोबर आहे. माना डोलतात.

तुम्ही कधी बैठकीत बोलत नाही. आज उठता. उठताना गुडघा वाजतो, तो सगळ्यांना ऐकू जातो.

"मधल्या कापल्या तर आपली पोरं लढायची कुणासंगं?" तुम्ही विचारता. "रेवडीवरनं एकदम एक नंबरला उडी मारायची व्हय? ह्यो सदाशिवाचा पोरगा, त्या आळीतला लहान्या, ह्यांना जोड कोण देनार?"

कोणीतरी म्हणतं, पैसा कुठून आणायचा. तुम्ही कारखान्याच्या पगारातले काढून ठेवलेले पैसे सतरंजीवर ठेवता. थोडा वेळ कोणी बोलत नाही. मग सरपंच त्यांचे ठेवतात. खजिनदार आधी कुरकुरतो, मोठ्या मल्लांपैकी एकाचा मानधनाचा आकडा कमी करून बघतो, पुन्हा जुळवतो. पाच कुस्त्या काही बसत नाहीत. तीन बसतात.

"नावं सांगा," तो वहीचं पान उलटून म्हणतो. तुम्ही सांगायला लागता आणि तो लिहून घेतो.