सांगोल्याचा कौल : एका मतदारसंघाचा साठ वर्षांचा इतिहास

आपल्या समाजाच्या मेळाव्यांतून लोकप्रतिनिधींचा विषय निघाला, की सर्वप्रथम नाव घेतले जाते ते भाई गणपतराव देशमुख यांचे. धनगर समाजातील एका वकिलाने सांगोल्याचे प्रतिनिधित्व अकरा वेळा केले, ही गोष्ट आपणा सर्वांस भूषणावह आहे, ह्यात शंका नाही. परंतु अभिमानाच्या भरात आपण ह्या इतिहासाचा एक सोपा अर्थ लावून मोकळे होतो : सांगोल्यात आपली वस्ती मोठी, म्हणून आपला माणूस निवडून आला. हा अर्थ कितपत खरा आहे, हे त्या मतदारसंघाच्या निवडणुकांचा क्रम पाहूनच ठरविले पाहिजे.

सांगोला हा सोलापूर जिल्ह्याच्या नैऋत्येचा तालुका. माण नदी त्यातून वाहते; पण वर्षाचे बहुतेक महिने तिचे पात्र कोरडेच असते. पर्जन्यछायेतील ह्या मुलुखात वर्षाकाठी पाऊस जेमतेम पाचशे मिलिमीटरच्या आसपास. बाजरी, ज्वारी व मेंढरे हाच येथील पिढ्यान्‌पिढ्यांचा आधार. अशा प्रदेशात मत मागावयास येणाऱ्यास लोक प्रथम पाण्याविषयी विचारणार, हे उघड आहे.

गणपतराव जन्माने सांगोल्याचे नव्हेत. त्यांचे मूळ गाव मोहोळ तालुक्यातील पेनूर. वकिलीच्या निमित्ताने ते सांगोल्यास आले आणि तेथलेच झाले. पक्ष त्यांनी निवडला तो शेतकरी कामगार पक्ष. संयुक्त महाराष्ट्राच्या निर्मितीनंतर १९६२ साली झालेल्या पहिल्या विधानसभा निवडणुकीत राज्यातील २६४ जागांपैकी २१५ जागा काँग्रेसने जिंकल्या. शेतकरी कामगार पक्षास अवघ्या १५ मिळाल्या, आणि त्यांतील एक सांगोल्याची होती. सत्तेच्या प्रवाहाविरुद्ध दिलेला हा कौल मतदारांनी १९६७ साली पुन्हा दिला.

१९७२ साली मात्र गणपतराव पराभूत झाले. त्या वर्षी राज्यात काँग्रेसची लाट होती. २७० पैकी २२२ जागा त्या पक्षाकडे गेल्या व शेतकरी कामगार पक्षाच्या हाती केवळ ७ उरल्या. पुढे १९७४ च्या पोटनिवडणुकीत त्याच मतदारांनी गणपतरावांस पुन्हा विधानसभेत पाठविले. वाचकांनी येथे क्षणभर थांबून विचार करावा. १९७२ ते १९७४ ह्या दोन वर्षांत सांगोल्यातील जातींची संख्या बदलली नव्हती. आपली घरे तेवढीच होती, इतरांची घरेही तेवढीच होती. तरीही निकाल उलटला. ज्या गणिताने पराभव झाला त्याच गणिताने विजय झाला असे म्हणता येत नाही. तेव्हा निकाल फिरविणारी शक्ती जातीच्या शिरगणतीत नसून अन्यत्र असली पाहिजे, हे मान्य करावे लागते.

त्यानंतर १९७८, १९८०, १९८५ व १९९० अशा चार सार्वत्रिक निवडणुका त्यांनी ओळीने जिंकल्या. १९७८ साली शरद पवार यांच्या पुरोगामी लोकशाही दलाच्या मंत्रिमंडळात ते मंत्री झाले. कापूस न पिकणाऱ्या तालुक्यात शेतकऱ्यांची सहकारी सूतगिरणी उभी करून त्यांनी शेकडो हातांना काम दिले. मंत्रिपद भूषविलेला हा माणूस एस. टी. च्या गाडीतून प्रवास करीत असे, हे सर्वश्रुत आहे. पाण्याच्या प्रश्नावर क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी यांनी १९९३ पासून आटपाडी येथे तेरा दुष्काळी तालुक्यांची पाणी परिषद भरविली. त्या चळवळीत गणपतराव अखेरपर्यंत खांद्याला खांदा लावून उभे राहिले. कृष्णेचे पाणी उचलून दुष्काळी भागास देणाऱ्या टेंभूसारख्या योजनांच्या मागे अशा परिषदांचा रेटा होता. त्या मागणीत कोणत्याही एका जातीचे नाव नव्हते. पाणी आले तर ते सर्वांच्या शिवारात येणार होते.

एवढे करूनही मतदारांनी त्यांस कायमचा पट्टा लिहून दिला नाही. १९९५ साली काँग्रेसचे शहाजीबापू पाटील यांनी त्यांचा पराभव केला, तो केवळ १९२ मतांनी! १९९९ साली सांगोल्याने पुन्हा गणपतरावांस निवडले आणि विलासराव देशमुख यांच्या मंत्रिमंडळात पणन व रोजगार हमी ही खाती त्यांच्याकडे आली. पुढे २००४ व २००९ चे विजय मिळाले. २००९ पासून मतदारसंघांच्या पुनर्रचनेनुसार सांगोला नव्या माढा लोकसभा मतदारसंघात गेला. २०१४ साली, वयाची पंच्याऐंशी वर्षे उलटल्यानंतर, गणपतरावांनी सुमारे २५ हजार मतांच्या फरकाने अकरावा विजय मिळविला. ह्या विजयास काही ठिकाणी देशातील विक्रम म्हटले जाते. पण केरळातील पाला मतदारसंघातून के. एम. माणी ह्याहून अधिक वेळा निवडून आले होते. आपण खरे तेवढेच सांगावे. महाराष्ट्रापुरते पाहिले तरी हा मान लहान नाही.

२०१९ साली वयोमानामुळे ते उभे राहिले नाहीत. त्यांचे नातू डॉ. अनिकेत देशमुख यांचा शिवसेनेचे शहाजीबापू पाटील यांनी ७६८ मतांनी पराभव केला. आडनाव तेच, पक्ष तोच, समाज तोच, तरीही जागा गेली. ३० जुलै २०२१ रोजी गणपतरावांचे निधन झाले. २०२४ च्या तिरंगी लढतीत त्यांचे दुसरे नातू डॉ. बाबासाहेब देशमुख यांनी सुमारे २५ हजार मतांनी ती जागा परत मिळविली. त्या निवडणुकीत संपूर्ण महाराष्ट्रात शेतकरी कामगार पक्षास मिळालेली ती एकमेव जागा होय.

आता ह्या साऱ्याचा मथितार्थ पाहू. सांगोल्याच्या जनतेने एकाच माणसास अकरा वेळा निवडले, तसेच दोन वेळा घरी बसविले. त्याच्या नातवांपैकी एकास नाकारले व दुसऱ्यास स्वीकारले. हा जातीचा कौल नव्हे. प्रत्येक वेळी हिशेब मागणाऱ्या मतदाराचा कौल आहे. गणपतराव मोठे झाले ते आपल्या समाजाने त्यांस उचलून धरले एवढ्यानेच नव्हे. सर्व समाजांस ते आपले वाटले, म्हणून ते मोठे झाले. निवडणुका जवळ आल्या म्हणजे समाजाची एकगठ्ठा मते अमुक उमेदवाराच्या पदरात टाकण्याची भाषा आपल्या सभांतून ऐकू येते. ज्या नावाच्या आधारे ती भाषा केली जाते, त्याच नावाचा इतिहास तिच्या विरुद्ध साक्ष देतो. गठ्ठ्याने दिलेल्या मताचा हिशेब कोणी विचारीत नाही आणि कोणी देतही नाही.

दुसरी गोष्ट व्यवहाराची आहे. १९२ आणि ७६८ हे आकडे प्रत्येक कुटुंबाने ध्यानात ठेवावेत. आपल्यातील अनेक कुटुंबे दसरा-दिवाळीच्या सुमारास मेंढरे घेऊन वाड्यासह बाहेर पडतात, आणि २००९ पासून विधानसभेचे मतदानही ऑक्टोबर-नोव्हेंबरातच होत आले आहे. परमुलखात मेंढरे चारणाऱ्या मेंढपाळास टपालाने मत देण्याची सोय नाही. त्याला गावी परतावेच लागते. मतदारयादीत नाव आहे की नाही हे वेळीच पाहणे, मतदानाच्या दिवशी कळपाची राखण आळीपाळीने करणे आणि घरातील स्त्रियांचे मत त्यांच्या स्वतःच्या विचाराने पडू देणे, एवढे तरी आपल्या हाती आहे. मत कोणास द्यावे हे मंडळाने सांगू नये. मत वाया जाऊ नये हे मात्र अवश्य सांगावे.

गणपतरावांचे तैलचित्र आपल्या सभागृहांतून अवश्य लावावे. परंतु त्या चित्राखाली जमलेल्यांनी आपल्या प्रतिनिधीस, मग तो कोणत्याही समाजाचा असो, पाण्याचा, शाळेचा व रोजगाराचा जाब विचारावा. सांगोल्याच्या मतदारांनी साठ वर्षे हेच केले, आणि गणपतरावांसारखा प्रतिनिधी घडला तो ह्याच मतदारांच्या हातून.