वारा, जाते आणि माग

इचलकरंजी हे पंचगंगेच्या काठचे गाव. १९०४ साली तेथे विठ्ठलराव दातार यांनी पहिला यंत्रमाग उभारला आणि जहागिरीचे अधिपती नारायणराव बाबासाहेब घोरपडे यांच्या आश्रयाने त्या आरंभातून पुढे एक उद्योगनगर वाढीस लागले. ही हकिकत महाराष्ट्रास परिचित आहे. तिच्यातील एक गोष्ट मात्र सहसा कोणाच्या ध्यानी येत नाही. हातापायांच्या बळावर चालणारा माग तेथे एकदम यंत्राच्या स्वाधीन झाला. मध्ये वाऱ्याची अथवा पाण्याची पायरी आलीच नाही. हॉलंडात हीच पायरी सुमारे सहाशे वर्षे टिकली, आणि त्या देशाच्या भाग्योदयात तिचा वाटा फार मोठा होता. असे का व्हावे?

हॉलंडचा पुष्कळसा भाग समुद्रसपाटीहून सखल, डोंगर जवळजवळ नाहीत, नद्या संथ. तेव्हा पाण्याच्या धारेने चाक फिरविण्याची सोय थोडी; पण समुद्रावरून येणारा पश्चिमेचा वारा मात्र बारमाही. तेराव्या शतकापासून तेथे पवनचक्क्या दिसू लागतात. पहिल्या चक्क्या लाकडी असून त्यांचे सगळे घरच एका जाड खांबावर तोललेले असे आणि वारा फिरला की ते घर फिरवावे लागे. पुढे बुरूज स्थिर ठेवून केवळ माथ्यावरची टोपी फिरविण्याची युक्ती निघाली. टोपीच्या मागे जमिनीपर्यंत उतरलेली एक लांब तुळई असते. ती रहाटाने ओढून चक्कीवाला पात्यांचे तोंड वाऱ्यासमोर आणतो. पाती चार. ती लाकडी जाळीची असून तिजवर जहाजाच्या शिडासारखे कापड पसरावयाचे. वारा बेताचा असेल तर पुरे, जोराचा असेल तर गुंडाळून थोडेच.

पात्यांचा आडवा आस टोपीत शिरतो. त्यावर एक प्रचंड दातेरी चाक बसविलेले असते व त्याच्या कडेभोवती लाकडी ठोकळ्यांचा रोध असतो. तो आवळला की चक्की थांबते. वादळात मात्र तो घासून पेट घेण्याचे भय असे. ह्या चाकाचे दाते खालच्या लहान चाकात अडकून उभा आस फिरवितात, आणि तळाशी पुन्हा मोठ्या चाकावरून लहान चाकावर गती दिल्यामुळे पात्यांच्या एका फेऱ्यात दगडाचे अनेक फेरे होतात. शेवटी जे काम व्हावयाचे ते आपल्याकडील कोणत्याही गृहिणीस ओळखता येईल: खालची तळी स्थिर, वरची फिरती, मधल्या भोकातून धान्याची वैरण आणि कडेने पीठ. फरक इतकाच की खुंट्याला हात नाही.

दळण हा केवळ प्रारंभ होता. हॉलंडला खरी गरज पाणी उपसण्याची होती. १६१२ साली बेमस्टर नावाचे विस्तीर्ण सरोवर चाळीसहून अधिक चक्क्या लावून कोरडे करण्यात आले व तळाची जमीन नांगराखाली आली. त्याच्या थोडे आधी, सोळाव्या शतकाच्या अखेरीस, कॉर्नेलिस कॉर्नेलिसझून नावाच्या गृहस्थाने वाऱ्याच्या फिरत्या आसाला वाकडा दांडा जोडून करवत वरखाली चालविली. हाताने ओंडके चिरण्यास लागणारा वेळ त्यामुळे विलक्षण घटला. जहाजांच्या फळ्या झपाट्याने निघू लागल्या. १६०२ साली स्थापन झालेल्या डच ईस्ट इंडिया कंपनीला जहाजांची टंचाई कशी पडली नाही, ह्याचे एक उत्तर ह्या करवतीत आहे. त्याच कंपनीची वखार १६३७ पासून आपल्या कोकणात वेंगुर्ल्यास होती व तिचे भग्नावशेष आजही उभे आहेत. जहाजे आली, माल आला गेला. पवनचक्की मात्र घाट चढून वर आली नाही.

ह्याचे एक कारण हवामानाचे. दख्खनच्या पठारावर ज्येष्ठापासून भाद्रपदापर्यंत नैर्ऋत्येचा वारा झाडे वाकवितो, आणि नंतर महिनेच्या महिने पानही हलत नाही. पण हे कारण पुरेसे नव्हे. वारा चारच महिने असता तरी तो चार महिने कामास लावता आला असता. अधिक खोल कारण घरातच होते. हॉलंडात चक्कीवर दळणे हा पैशाचा व्यवहार होता. इतकेच नव्हे, तर वारा वापरण्याचा हक्कदेखील सरदारांकडून विकत घ्यावा लागे. आपल्याकडे जाते घरोघर होते, आणि पहाटेच्या काळोखात ते ओढणारी स्त्री त्याबद्दल काही मागत नव्हती. तिच्या ओव्यांचे कौतुक पुष्कळ झाले. तिच्या खांद्यांचा हिशेब कोणी मांडला नाही. ज्या श्रमाला दाम नाही तो वाचविण्यासाठी यंत्र उभारण्याची निकड कोणास वाटणार?

ह्या तर्काला बळकटी देणारे एक उदाहरण महाराष्ट्रातच आहे. औरंगाबाद, म्हणजे आजचे छत्रपती संभाजीनगर, येथील पाणचक्की. मध्य आशियातून आलेले सूफी साधू बाबा शाह मुसाफिर यांच्या दर्ग्याचा हा परिसर सतराव्या शतकाच्या अखेरीपासून अठराव्या शतकाच्या पूर्वार्धापर्यंत आकारास आला. शहराबाहेरचे पाणी जमिनीखालील मातीच्या नळांतून आणून एका उंच भिंतीवर चढविलेले आहे; तेथून ते हौदात कोसळते. त्याच पाण्याच्या जोरावर खाली आडवे बसविलेले पात्यांचे चाक फिरते, चाकाचा उभा आस सरळ वरच्या तळीला जोडलेला असतो. दातेरी चाकांचा पसारा येथे नाहीच. डच कारागिराला ही साधी रचना पाहून कदाचित हेवा वाटला असता. हौदाचा तळ हेच खालच्या दालनाचे छत आहे, त्यामुळे भर उन्हाळ्यातही तेथे गारवा राहतो.

आता हे पीठ कोणासाठी? फकीर, यात्रेकरू आणि तेथे शिकणारे विद्यार्थी यांच्यासाठी. म्हणजे खाणारी तोंडे पुष्कळ, आणि पहाटे उठून दळणारी घरची बाईमाणसे नाहीत. जेथे फुकटचे हात नव्हते, तेथे आपल्या लोकांनी पाण्यास कामास लाविले, आणि तेही उत्तम रीतीने. तेव्हा बुद्धीची वाण होती असे म्हणणाऱ्यांनी एकवार पाणचक्की पाहून यावे.

इचलकरंजीच्या मागाची गोष्ट ह्याच अंगाने उलगडते. खड्ड्यातल्या मागावर पाय पावडीवर ठेवून धोटा फेकणारा विणकर कापड विकत होता. त्याच्या श्रमाला, अल्प का होईना, बाजारात किंमत होती, आणि गिरणीच्या स्वस्त कापडाने ती रोज पडत होती. म्हणून यंत्र आधी मागाला लागले. आणि ते येईपर्यंत वाऱ्याचा जमाना युरोपातच मावळत आला होता. हार्लेमचे मोठे सरोवर १८५२ साली कोरडे झाले ते वाफेच्या पंपांनी. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास हॉलंडात नऊदहा हजार चक्क्या होत्या, आता हजाराहून थोड्या अधिक उरल्या आहेत. किंडरडाइक येथील १९ चक्क्यांस १९९७ साली जागतिक वारशाचा मान मिळाला. पाती उभ्या रेषेच्या किंचित अलीकडे थांबविली तर आनंदवार्ता, किंचित पलीकडे थांबविली तर घरात सुतक, ही तेथली खूण जाणकार अजूनही पाळतात.

महाराष्ट्रात वारा कामाला लागला तो फार उशिरा. १९८६ साली किनाऱ्यावर विजेच्या पवनचक्क्या आल्या आणि पुढे शतकाच्या संधीवर सातारा जिल्ह्यात, कोयनेच्या जलाशयावरील वनकुसवडे पठारावर, त्यांची रांगच्या रांग उभी राहिली. तेथली वीज सार्वजनिक तारांत मिसळते आणि त्याच तारांवर इचलकरंजीचे माग चालतात. आषाढात त्या पठारावर पाती भरधाव फिरतात, फाल्गुनात पुष्कळदा स्तब्ध असतात. खाली गावात धोटा मात्र बारा महिने धावत असतो, आणि पीठ कोपऱ्यावरच्या गिरणीतून दळून येते.