मरीआईचा गाडा आणि आपले हात

पटकीची साथ आली की गावोगाव मरीआईचा गाडा निघायचा. गाड्यावर देवीची मूर्ती, लिंबं, नैवेद्य ठेवायचा, वाजतगाजत शिवेपर्यंत न्यायचा आणि पुढच्या गावाच्या हद्दीत सोडून यायचं. पुढचं गाव तो आणखी पुढे ढकलायचं. यात श्रद्धा होती, भीती होती, आणि रोग आपल्या दारातून शेजाऱ्याकडे जावा ही इच्छाही होती.

भीती खोटी नव्हती. १८१७ साली बंगालमधल्या जेसोरला उसळलेली साथ १८१८ मध्ये मुंबईपर्यंत आली. त्याच वर्षी पेशवाई बुडाली आणि आपला खानदेश कंपनी सरकारकडे गेला. छावण्या, बाजार, यात्रा, जिथे जिथे माणसं एका ठिकाणचं पाणी पीत होती, तिथे तिथे पटकी पोचत होती. सकाळी हिंडताफिरता असलेला माणूस संध्याकाळी नसायचा.

१८५४ मध्ये लंडनच्या जॉन स्नो या डॉक्टरांनी एका पंपाभोवतीच्या घरांतले मृत्यू मोजले आणि रोग पाण्यातून येतो हे दाखवून दिलं. १८८४ मध्ये रॉबर्ट कॉख यांना कोलकात्याच्या एका तळ्यात पटकीचा जंतू सापडला. आकार स्वल्पविरामासारखा! आम्हा कवींचा स्वल्पविराम क्षणभर थांबवतो. या स्वल्पविरामानं लाखो आयुष्यांना पूर्णविराम दिला.

पाणी झाकून आणावं हे शहाणपण मात्र आमच्या शेजारी फार आधीपासून होतं. रावेरहून बऱ्हाणपूर जवळच. तिथे १६१५च्या सुमारास अब्दुर्रहीम खानखानान यांच्या काळात ‘कुंडी भंडारा’ बांधला गेला. सातपुड्यातून झिरपणारं पाणी जमिनीखालच्या बोगद्यातून शहरात आणलं. वर ओळीनं विहिरींसारख्या कुंड्या. शहराची, छावणीची घाण वर राहिली, पाणी खालून वाहिलं. जंतूचं नाव कुणाला ठाऊक नव्हतं, पण शुद्धतेची चाड होती. खानखानान स्वतः कवी. पाण्यावरचा त्यांचा दोहा आजही लोकांच्या तोंडी आहे.

आता पटकीचा धाक ओसरला. पण भंडारा असो, नियाज असो की लग्नाची पंगत, जेवणानंतर उलट्या-जुलाब झाल्याच्या बातम्या अधूनमधून येतातच. लगेच कुणी आचाऱ्याला बोल लावतं, कुणी दूधवाल्याला, कुणी पलीकडच्या मोहल्ल्याला. मला हाही मरीआईचा गाडाच वाटतो. आपल्या शिवेबाहेर ढकलला की आपण मोकळे!

जंतू जातपात विचारत नाही. त्याला फक्त ऊब, ओल आणि वेळ हवा. अनुकूल स्थितीत काही जंतू दर २० मिनिटांनी दुप्पट होतात. म्हणजे एकाचे ७ तासांत २० लाखांहून जास्त! दुपारी शिजवलेला भात रात्रीपर्यंत पातेल्यात तसाच राहिला, तर उन्हाळ्यात काय होत असेल याचा विचार करा. आचाऱ्याच्या बोटावरच्या पिकलेल्या जखमेतून अन्नात शिरणारे काही जंतू तर असं विष सोडतात, की ते उकळूनही जात नाही. म्हणून ‘पुन्हा गरम करून घेऊ’ या भरवशावर राहू नये.

उपाय आपल्या हातातले आहेत. रांधण्याआधी आणि वाढण्याआधी साबणानं हात धुवावेत. कच्च्या मांसाची सुरी आणि पाट कोशिंबिरीला वापरू नये. अन्न आतपर्यंत शिजवावं आणि ते वाफाळतं असतानाच वाढावं. उरलेलं दोन तासांच्या आत थंड जागी ठेवावं. पाणी शुद्ध असावं, भांडी झाकलेली असावीत. ज्याला जुलाब होत असतील किंवा हाताला जखम असेल, त्यानं त्या दिवशी चुलीपाशी जाऊ नये. त्याला तसं सांगण्यात अपमान नाही.

एका पंगतीत बसणं म्हणजे एकमेकांच्या हातांवर विश्वास टाकणं. तो विश्वास जपायचा असेल, तर गाडा ढकलण्याआधी आपले हात पाहावेत.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)