दामदुप्पट

लग्नकार्यात चार माणसं भेटली की हल्ली एक प्रश्न हमखास येतो. "घर घेतलंत म्हणे! हप्ता किती बसतो?" समोरचा आकडा सांगतो, विचारणारा मान डोलावतो, आणि गाडी पार्किंगकडे आणि शाळा किती लांब आहे याकडे वळते. घर एकूण कितीला पडणार, हे कुणी विचारत नाही. विचारलंच तर बहुतेकांना सांगताही येणार नाही.

हा ब्लॉग वाचणाऱ्या आमच्या नात्यातल्या निदान तीन घरांत सध्या फ्लॅट बघणं चालू आहे. त्यांना सल्ला द्यायला मी काही बँकवाला नाही. मला आपला इतिहासाचा नाद. पण गृहकर्जाचं कोष्टक बघताना एक जुना शब्द सारखा मनात येत राहिला, त्याच्यामागे गेलो, आणि जे हाताला लागलं ते इथे मांडतोय.

तो शब्द म्हणजे 'दामदुप्पट'.

आज हा शब्द ऐकला की आपल्याला काय आठवतं? कुठलीतरी फसवी योजना. पैसे गुंतवा, अमुक वर्षांत दामदुप्पट मिळवा, आणि मग एक दिवस ऑफिसला कुलूप. गंमत म्हणजे या शब्दाचा मूळ अर्थ जवळजवळ उलटा आहे. दामदुपट हे आमिष नव्हतं, तो सावकाराला घातलेला लगाम होता. मनुस्मृती आणि याज्ञवल्क्यस्मृतीपासून चालत आलेला हा नियम सांगतो की सावकाराला एका वेळी मागता येणारं थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये. शंभर दिलेत, तर कितीही वर्षं लोटली तरी दोनशेच्या वर हात पसरायचा नाही. इंग्रजी अमदानीतही मुंबई इलाख्यातली कोर्टं हिंदू कर्जदारांच्या बाबतीत हा नियम मानत होती.

मग १८७५ साली पुणे आणि नगर जिल्ह्यांत कर्जरोख्यांच्या होळ्या का पेटल्या?

दख्खनचे दंगे आपण शाळेत दोन ओळींत उरकतो. १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातल्या सुप्याच्या बाजारात लोकांनी सावकारांची दुकानं आणि घरं गाठली आणि रोखे, वह्या मागितल्या. मिळाल्या त्या जाळल्या. रोख आणि दागिन्यांपेक्षा लोकांचा रोख कागदांवर होता, ही गोष्ट मला फार बोलकी वाटते. त्याच्या आधी, डिसेंबर १८७४ मध्ये शिरूर तालुक्यातल्या करडे गावी पहिली ठिणगी पडली होती, आणि ती पडली एका घरावरून. दीडशे रुपयांच्या कर्जापायी काळूराम सावकाराने बाबासाहेब देशमुख यांच्याविरुद्ध घर खाली करण्याचा कोर्टाचा हुकूम मिळवला. गाव उठलं आणि सावकारांवर बहिष्कार पडला.

कारणं बरीच होती. अमेरिकेतल्या यादवी युद्धात, म्हणजे १८६१ ते १८६५ या काळात, आपल्या कापसाला सोन्याचा भाव आला आणि सावकारांनी हात सैल सोडले. युद्ध संपलं, भाव कोसळले, पत आटली. त्यातच सारा वाढला. पण आपल्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाचे आहेत ते दोन कायदे, आणि दोन्ही दिसायला अगदी निरुपद्रवी.

पहिला १८५५ चा. त्याने व्याजाच्या दरावरची जुनी बंधनं काढून टाकली. करारात लिहिलं असेल ते व्याज कोर्ट मिळवून देणार. दुसरा १८५९ चा मुदतीचा कायदा. कर्जरोख्यावर तीन वर्षांच्या आत दावा लावला नाही तर दावा बाद. हेतू चांगला होता, जुनं व्याज साचत राहू नये हा. पण सावकारांनी काय केलं? दर तीन वर्षांनी कुळाला बोलावून नवा रोखा लिहून घ्यायला सुरुवात केली. जुनं मुद्दल अधिक थकलेलं व्याज मिळून नव्या रोख्याचं मुद्दल. पुन्हा तीन वर्षांनी तेच.

म्हणजे बघा, दामदुपटीचा नियम कागदावर जिवंतच होता. पण तो मोजायचा मुद्दलावर, आणि मुद्दलच दर तीन वर्षांनी फुगत होतं. दंग्यांच्या चौकशी आयोगापुढे आलेल्या एका प्रकरणात शंभर रुपयांच्या कर्जावर दोन हजारांहून जास्त व्याज लागलं होतं. अंगठा उठवणाऱ्याला नव्या रोख्यात मुद्दल किती आणि व्याज किती, हे कळायला मार्गच नव्हता.

या आयोगातून १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा आला. सुरुवातीला तो पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांना लागू होता. त्यातली एक गोष्ट मला आजही ताजी वाटते. न्यायाधीशाने नुसता रोखा बघून निकाल द्यायचा नाही. व्यवहाराच्या पहिल्या दिवसापर्यंत मागे जायचं, मुद्दलाचा आणि व्याजाचा हिशोब वेगवेगळा मांडायचा, आणि व्याज मुद्दलात मिळवलं असेल तर ते सहसा धरायचं नाही. शिवाय कर्जदाराला भरलेल्या पैशाची पावती, वर्षाचा हिशोब आणि पासबुक मागण्याचा हक्क मिळाला. कर्जाचा खरा भार कळायचा असेल तर मुद्दल आणि व्याज वेगळं दिसलं पाहिजे, हे शहाणपण आपल्याकडे कायद्यात आलं ते असं, होळ्या पेटल्यानंतर.

आता आपल्या फ्लॅटकडे येऊ.

आजच्या गृहकर्जाचा साचा मात्र सावकारी नाही. दरमहा सारखा हप्ता, त्यातच व्याज आणि त्यातच मुद्दल, आणि शेवटच्या हप्त्याला कर्ज शून्य. हा प्रकार सर्वसामान्य झाला तो अमेरिकेतल्या महामंदीनंतर. त्याआधी तिकडे घरकर्ज साधारण तीन ते पाच वर्षांचं असे, बऱ्याचदा नुसतं व्याज भरायचं आणि शेवटी मुद्दल एकदम द्यायचं. मंदीत लाखो घरं गेली, तेव्हा १९३३-३४ मध्ये सरकारने दीर्घ मुदतीच्या समान हप्त्यांची पद्धत रुजवली. आपल्याकडे १९७७ साली हसमुखभाई पारेख यांनी मुंबईत एचडीएफसी काढली. त्याआधीच्या पिढीत घर व्हायचं ते बहुधा निवृत्तीच्या वेळी, फंड आणि ग्रॅच्युइटीतून. (ती एचडीएफसी २०२३ मध्ये आपल्याच नावाच्या बँकेत विलीन झाली.) तिशीत घर घेता येणं हे हप्त्याने दिलेलं मोठंच वरदान आहे. ते नाकारण्यात अर्थ नाही.

पण त्याची किंमत? चला, पाटी-पेन्सिल घ्या.

५० लाखांचं कर्ज, ८ टक्के व्याज, २० वर्षं. हप्ता येतो ४१,८२२ रुपये. असे २४० हप्ते, म्हणजे एकूण १ कोटी ३७ हजारांच्या आसपास. बघितलंत? अगदी बरोब्बर दामदुप्पट! आठ टक्के आणि वीस वर्षं, एवढं लक्षात ठेवा. दर किंवा मुदत याच्या पुढे गेली की आपण स्मृतिकारांची रेघ ओलांडली.

कायद्याने मात्र ही रेघ इथे लागत नाही. दामदुपट मोजते ते एका वेळी मागितलेलं थकलेलं व्याज. आपण व्याज थकू देतच नाही, दरमहा भरतो. मुंबई सावकारी कायद्यातही (१९४६) अशीच मर्यादा होती, पण ते कायदे बँकांसाठी नाहीत. तेव्हा कुणी बँकेत जाऊन याज्ञवल्क्याचं नाव सांगू नका!

पुढे. पहिल्या हप्त्यातल्या ४१,८२२ पैकी व्याज ३३,३३३ आणि मुद्दल फक्त ८,४८९. दहा वर्षं नेमाने भरलंत, म्हणजे ५० लाखांहून थोडं जास्तच भरून झालं, की वाटतं अर्धं कर्ज फिटलं. प्रत्यक्षात अजून साधारण साडेचौतीस लाख बाकी असतात. अर्धं मुद्दल फिटायला साडेतेरा वर्षांहून जास्त लागतात. यात बँकेची लबाडी काही नाही, उरलेल्या मुद्दलावर व्याज लागतं आणि सुरुवातीला मुद्दल मोठं असतं, एवढंच. पण हप्त्याचा आकडा वीस वर्षं सारखाच दिसतो, त्यामुळे आतली वाटणी नजरेला पडत नाही.

इंग्रजीतला 'मॉर्गेज' हा शब्द जुन्या फ्रेंचमधून आला, अर्थ 'मृत गहाण'. बाराव्या शतकातल्या इंग्रज कायदेग्रंथात मृत गहाण म्हणजे असं गहाण, की ज्यात जमिनीचं उत्पन्न सावकार खातो पण त्याने कर्ज कमी होत नाही. आपल्या ताबेगहाणातही जमीन सावकार कसतो आणि पुष्कळदा उत्पन्न नुसतं व्याजापोटी जातं. पहिल्या वर्षाचं खातं बघितलं की त्या शब्दाची आठवण होते. पाच लाख भरले, कर्ज हललं एका लाखाच्या आसपास.

मुदतीची गोष्ट तर याहून मजेदार आहे. हेच कर्ज ३० वर्षांचं केलं तर हप्ता ३६,६८८ होतो. महिन्याला पाच हजारांची सोय. पण एकूण भरणा १ कोटी ३२ लाखांवर जातो, म्हणजे त्या सोयीची किंमत जवळजवळ ३२ लाख. उलट १५ वर्षांचं केलं तर हप्ता ४७,७८३, सहा हजारांनी जास्त, आणि वाचतात १४ लाखांहून अधिक. 'हप्ता किती?' एवढंच विचारणाऱ्याला ३० वर्षांचं कर्ज स्वस्त वाटणार.

आणि हे सगळं दर स्थिर राहिला तर. आपल्याकडची बहुतेक गृहकर्जं बदलत्या दराची. २००३-०४ च्या सुमारास दर सात-आठ टक्क्यांवर आले होते, तेव्हा घेतलेल्यांनी २००८ पर्यंत दोन आकडी दर पाहिला. नंतर मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ एवढ्या अवधीत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. समजा कुणी ५० लाख ६.७५ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी नुकतेच घेतले होते. हप्ता ३८,०१८. दर ९.२५ झाला की त्या मुद्दलावरचं एका महिन्याचं व्याजच ३८,५०० च्या वर जातं. म्हणजे हप्ता तोच ठेवला तर व्याजसुद्धा भागत नाही, उरलेलं मुद्दलात चढतं. तीन वर्षांनी नवा रोखा लिहून घेणारा सावकार आठवला ना? इथे दुष्टावा कुणाचाच नाही, पण गणित तेच. हप्ता वाढला की माणूस लगेच ओरडतो. मुदत वाढली की ती कुठल्यातरी पत्रात लिहून येते आणि पत्र कपाटात जातं.

आता दुसरी बाजूही सांगायला हवी, नाहीतर हिशोब एकांगी होईल. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो. आज जड वाटणारा हप्ता पगार वाढला तर पंधराव्या वर्षी हलका वाटू शकतो. घरभाडं वाचतं. जुन्या करपद्धतीत व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते, जरी आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षीचं व्याज चार लाखांच्या घरात असलं तरी. शिवाय स्वतःच्या दारावर स्वतःच्या नावाची पाटी, तिची किंमत कोष्टकात बसत नाही. तेव्हा दुप्पट भरले म्हणजे लुबाडले गेलो, असं माझं म्हणणं मुळीच नाही. आपण बँकेकडून वीस वर्षांचा वेळ विकत घेतो. घ्यावा जरूर. पण भाजी घेताना सुद्धा भाव विचारतो आपण!

आणि आता विचारणं सोपंही झालंय. बदलत्या दराचं गृहकर्ज मुदतीआधी फेडल्याबद्दल बँकांना दंड लावता येत नाही, हे २०१२ पासून. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलला की हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला निवडू द्या, आणि दर तिमाहीला आजवर वसूल झालेलं मुद्दल, व्याज आणि उरलेले हप्ते वेगवेगळे दाखवा. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर एक ठळक माहितीपत्रकही द्यावं लागतं, त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर किती पडतो ते लिहिलेलं असतं. वाचताना मला हसूच आलं. मुद्दल वेगळं, व्याज वेगळं, आणि हिशोब कर्जदाराच्या हातात... हे तर १८७९ चं पासबुक!

फरक एवढाच, की तेव्हाच्या कुळाला वाचता येत नव्हतं. आपल्याला येतं.

तेव्हा आमच्या त्या तीन घरांतल्या मंडळींना एवढंच सांगणं. सह्या करायच्या आधी समोरच्या साहेबांना तीन आकडे एका कागदावर लिहून मागा. मुद्दल किती, व्याज एकूण किती, आणि दर दोन टक्क्यांनी वाढला तर दोन्हींचं काय होईल. वर्षातून एकदा, दिवाळीच्या बोनसमधून का होईना, थोडं मुद्दल फेडा, आणि त्यानंतर हप्ता कमी करून न घेता मुदत कमी करून घ्या. सुरुवातीच्या वर्षांत फेडलेला रुपया सगळ्यात जास्त व्याज वाचवतो.

आणि पुढच्या लग्नात कुणी हप्ता विचारला, तर हप्ताही सांगा आणि एकूण आकडाही सांगा. ऐकणाऱ्यांपैकी कुणाचं तरी घर बघणं चालूच असेल.

तुमच्याकडे आजोबा-पणजोबांच्या वेळचे गहाणखत किंवा कर्जरोखे असतील तर जरूर कळवा. मोडी असली तरी चालेल, वाचणारं कुणीतरी शोधून काढू.