जीटीए व्हाइस सिटी विंडोज 11 वर कसा चालवायचा? मॉड कसे टाकायचे?

जीटीए व्हाइस सिटी 2002 मध्ये प्लेस्टेशन 2 वर आणि 2003 मध्ये कॉम्प्युटरवर आला. आमच्या सांगलीत सायबर कॅफेत तासाचे पैसे मोजून तो खेळणारे आज लॅपटॉपवर पुन्हा तोच शोधतात. 2012 पासून तो मोबाइलवरही आहे, पण मॉडिंगची खरी मजा कॉम्प्युटरवरच. गेम 18 वर्षांवरच्यांसाठी आहे, हे लक्षात असू द्या.

गेम कुठून घ्यायचा?
मूळ गेम दोन सीडींवर यायचा. तोच कोणी 200 एमबीत फुकट देत असेल, तर काहीतरी कापलेलं असतं किंवा घुसवलेलं असतं. माझ्या एका मित्राचा लॅपटॉप अशाच सेटअपमुळे फॉरमॅट करावा लागला आणि कॉलेजचं प्रोजेक्टही गेलं. त्यामुळे अधिकृत स्टोअरच वापरा. 2021 ची डेफिनिटिव्ह एडिशन वेगळ्या इंजिनवर आहे, तिच्यात जुने मॉड चालत नाहीत.

चालत नसेल तर?
1. डॉक्युमेंट्समधल्या ‘जीटीए व्हाइस सिटी युजर फाइल्स’ फोल्डरमधली डॉट सेट फाइल डिलीट करा. माउस हलत नसेल तर बऱ्याचदा एवढ्यानंच काम होतं. सेव्ह केलेला गेम जात नाही.
2. फ्रेम लिमिटर ऑनच ठेवा. ऑफ केलात तर गेम जास्त वेगानं पळतो आणि गाड्या विचित्र चालतात.
3. सायलेंटपॅच आणि वाइडस्क्रीन फिक्स हे दोन मोफत पॅच टाका. पहिला जुने बग काढतो, दुसरा चित्र रुंद स्क्रीनवर नीट बसवतो.

पहिला मॉड
आधी अख्ख्या गेम फोल्डरची कॉपी करून बाजूला ठेवा. मग ‘डेटा’ फोल्डरमधली हँडलिंग डॉट सीएफजी फाइल नोटपॅडमध्ये उघडा. प्रत्येक गाडीची एक ओळ असते. तिच्यात वजन, कमाल वेग, ब्रेक असे आकडे असतात आणि कुठला आकडा कशाचा, ते फाइलमध्येच वर लिहिलेलं असतं. एकच आकडा बदला, सेव्ह करा, खेळून बघा. झाला तुमचा पहिला मॉड!

आणखी सोपं हवंय? गेमच्या ‘एमपीथ्री’ फोल्डरमध्ये तुमची गाणी टाका, गाडीच्या रेडिओवर ती वाजतील.

दुसऱ्याचे मॉड टाकताना तुमची आवृत्ती आधी तपासा, कारण बरेच जुने मॉड 1.0 साठीच बनलेत. एका वेळी एकच मॉड टाका. दहा एकदम टाकलेत आणि गेम बंद पडला, तर दोष कुणाचा ते कळणारच नाही.