फळीवरून उतरलेले खेळ

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

माझे अब्बा राजिवड्याचे तांडेल. चाळीस वर्षे त्यांनी सुकाणू धरले. २०१२ साली त्यांना अर्धांगवायूचा झटका आला आणि उजवा हात लुळा पडला. डॉक्टर म्हणाले, बोटे हलती ठेवा. आता समुद्रावरच्या माणसाने घरात बसून बोटे कशासाठी हलवायची? शेवटी माझ्या भाच्याने आपला जुना फोन त्यांच्या हातात दिला. त्यात रंगीत फुगे फोडण्याचा एक साधा खेळ होता. एकाच रंगाचे तीन फुगे जुळले की टप् असा आवाज व्हायचा.

अब्बांना तो खेळ लागला. दुपारच्या नमाजानंतर ते ओटीवर बसत आणि तास-दीड तास घरभर टप्, टप् ऐकू येई. पहिल्यांदा बोट थरथरायचे, मग नेम बसू लागला. भाच्याने गुणांच्या यादीत त्यांचे नाव घालून दिले होते. वर्षभरात त्या यादीच्या पहिल्या ओळीवर 'अब्बा' होते आणि शेवटपर्यंत तिथेच राहिले. २०१६ साली त्यांचा इंतकाल झाला.

फोन मी कपाटात ठेवला होता. २०२१ च्या पावसाळ्यात काढून पाहिला तर बॅटरी फुगलेली आणि पडदा काळा. गुणांची यादी गेली, हे मला कळत होते. पण तो खेळ तरी माझ्या फोनवर घ्यावा, तो आवाज पुन्हा ऐकावा, असे वाटले. शोध शोध शोधला, मिळाला नाही. भाचा पुण्यात अ‍ॅप बनवण्याचे काम करतो. त्याला विचारले. तो म्हणाला, "मामू, तो खेळ आता दुकानात नाही. ज्यांनी बनवला त्यांनीच काढून घेतला."

मला राग आला. एकदा लोकांना दिलेली वस्तू परत काढून घेणारा हा कोण? त्या रागातूनच मी या विषयाच्या मागे लागलो. जे हाती आले ते आज आपल्यापुढे ठेवतो.

गोष्ट फार जुनी नाही. फिनलंडच्या नोकिया कंपनीने १९९७ साली आपल्या एका फोनमध्ये सापाचा खेळ घातला. तानेली अर्मांतो नावाच्या अभियंत्याने तो लिहिला होता. आपल्याकडे २००३ साली आलेल्या, बॅटरी असलेल्या नोकिया ११०० वर त्याचीच पुढची आवृत्ती होती. वीज गेली की उजेडाला तोच फोन आणि वेळ घालवायला त्यातलाच साप, हे कोकणातल्या किती घरांनी अनुभवले असेल! हा खेळ फोनच्या पोटातच होता. फोन जिवंत तोवर साप जिवंत. तो परत न्यायला फिनलंडहून कोणी येऊ शकत नव्हते.

त्याच सुमारास आपल्या मुंबईतही हा धंदा सुरू झाला. विशाल गोंडल या तरुणाने १९९९ साली इंडियागेम्स ही कंपनी काढली. क्रिकेटचे, हिंदी चित्रपटांचे खेळ तिने साध्या बटणांच्या फोनसाठी बनवले. मोबाइल कंपनीच्या यादीतून खेळ निवडायचा आणि पैसे बिलात किंवा रिचार्जमधून कापले जायचे. २०११ साली डिस्नेने ही कंपनी विकत घेतली. पण तोवर बटणांचे फोन मागे पडू लागले होते. ज्या फोनांसाठी ते खेळ बांधले होते ते फोनच गेले, आणि खेळही त्यांच्याबरोबर गेले. मराठी मुलखात मोबाइलवरच्या खेळांची जी पहिली पिढी घडली, ती अशी एका दशकात दिसेनाशी झाली.

जुलै २००८ मध्ये अ‍ॅपलने आपले अ‍ॅप-दुकान उघडले. त्यात सुरुवातीला पाचशे अ‍ॅप होती. ऑक्टोबरमध्ये गूगलनेही आपला बाजार मांडला. आता जगातला कोणीही, कोठेही बसून खेळ बनवू आणि विकू शकत होता. फक्त फळी दुसऱ्याच्या दुकानातली होती. फळी दुसऱ्याची म्हटली की तिथले नियमही दुसऱ्याचेच.

आता निर्माते जुने खेळ काढतात का, ते पाहू. भाच्याने मला ते आपल्या कोकणी भाषेत समजावले. म्हणाला, "मामू, आपले कौलारू घर दर वर्षी पावसाच्या आधी शाकारावे लागते ना? तसेच हे आहे." फोनची मूळ प्रणाली दर वर्षी बदलते. काल चालणारा खेळ आज अडखळतो. अ‍ॅपलने २०१७ साली जुन्या ३२ बिटांच्या पद्धतीची अ‍ॅप चालवणेच थांबवले. म्हणजे फोनची आतली भाषाच बदलली. ज्यांनी आपला खेळ नव्या भाषेत पुन्हा बांधला नाही, त्यांचा खेळ नव्या फोनांवर उघडेना. २०२१ साली गूगलच्या दुकानानेही नव्या पद्धतीच्या फोनांना तशी जुनी अ‍ॅप देणे बंद केले.

शिवाय दुकानांनी झाडू हाती घेतला. २०१६ साली अ‍ॅपलने जाहीर केले की बंद पडलेली, सोडून दिलेली अ‍ॅप काढली जातील. २०२२ साली नियम आणखी स्पष्ट झाला: तीन वर्षे ज्यात सुधारणा नाही आणि ज्याला गिऱ्हाईक फार थोडे, त्याने ठरलेल्या मुदतीत सुधारणा करावी, नाहीतर फळी रिकामी करावी. त्याच वर्षी गूगलनेही सांगितले की फार मागे राहिलेली अ‍ॅप नव्या फोनांना दाखवलीच जाणार नाहीत. यात दुकानांची बाजूही आहे. जुन्या अ‍ॅपमध्ये सुरक्षेची भोके राहतात, त्यांतून गिऱ्हाइकाची खाजगी माहिती बाहेर जाऊ शकते. पण एकट्याने काम करणारे निर्माते म्हणाले, आमचा खेळ सोडून दिलेला नाही, तो पूर्ण झालेला आहे. मला त्यांचे म्हणणे पटले. कविता पूर्ण झाल्यावर तिच्यात दर वर्षी सुधारणा करा, असे मला कोणी सांगितले तर?

तिसरे कारण कराराचे. खेळात एखादा चित्रपट, एखादे गाणे, खेळाडूचे नाव किंवा मोटारीची आकृती असेल, तर ते सारे भाड्याने घेतलेले असते. मुदत संपली की पुन्हा पैसे मोजा, नाहीतर खेळ काढा. आणि चौथे कारण साध्या हिशेबाचे. अ‍ॅपलच्या दुकानात गाळा ठेवायचा तर निर्मात्याला वर्षाला ९९ डॉलर भरावे लागतात. खेळातून तेवढेही येत नसतील, तर शाकारणीचा खर्च कोण करणार?

एक गोष्ट मात्र निव्वळ शाकारणीची नाही. रागावलेल्या पक्ष्यांचा तो प्रसिद्ध खेळ, अँग्री बर्ड्स, फिनलंडच्याच रोव्हिओ कंपनीने २००९ साली आणला. २०१९ साली तिने आपले जुने खेळ दुकानातून काढले. देखभाल परवडत नाही, असे कारण पुढे दिले. चाहत्यांनी आग्रह धरला, तेव्हा २०२२ साली मूळ खेळ नव्याने बांधून थोड्या किमतीला पुन्हा आणला. वर्ष होते न होते तोच, फेब्रुवारी २०२३ मध्ये, गूगलच्या दुकानातून तो पुन्हा काढला आणि अ‍ॅपलच्या दुकानात त्याचे नाव बदलले. कारण सांगितले ते असे, की या खेळाचा कंपनीच्या इतर खेळांवर परिणाम होतो. जुना खेळ एकदाच पैसे घेऊन पोटभर खेळू देत होता. नवे खेळ फुकट मिळतात आणि आत गेल्यावर पावलोपावली काहीतरी विकतात. जुना माल चांगला असला की नव्याचा खप अडतो, हे बाजारातला कोणीही दुकानदार सांगेल.

आणि एक उदाहरण अगदी वेगळे आहे. व्हिएतनाममधल्या हनोईच्या डाँग न्गुयेन या तरुणाने २०१३ साली फ्लॅपी बर्ड नावाचा खेळ एकट्याने बनवला. २०१४ च्या आरंभी जग त्यामागे वेडे झाले. दिवसाला पन्नास हजार डॉलर मिळत असल्याच्या बातम्या आल्या. आणि फेब्रुवारीत त्याने स्वतःच तो खेळ काढून टाकला. लोकांना त्याचे व्यसन लागले, हे त्याला सहन झाले नाही.

हे वाचले आणि मी थबकलो. कारण असा गुन्हा मीही केला आहे.

माझा पहिला कवितासंग्रह १९९४ साली निघाला. पाचशे प्रती. पाच-सहा वर्षांनी मला त्या कवितांची लाज वाटू लागली. उसना दर्द, उसनी चंद्रकोर. मी प्रकाशकाकडे गेलो, शिल्लक प्रतींचे गठ्ठे उचलले आणि रद्दीत घातले. कोणाला विचारले नाही. माझेच लेखन, मीच मालक. मग डाँग न्गुयेनला किंवा त्या फुगेवाल्याला मी कोणत्या तोंडाने बोल लावू?

पण एक फरक आहे, आणि आजच्या भाषणात मला सांगायचे आहे ते एवढेच. मी पुस्तक मागे घेतले, म्हणजे पुढची विक्री थांबवली. विकल्या गेलेल्या प्रतींवर माझा हात चालत नव्हता. खेळाचेही वरवर तसेच आहे. दुकानातून काढला म्हणजे ज्याच्या फोनात आहे तिथून तो पुसला जात नाही. पण फोनचे आयुष्य किती? चार-पाच वर्षे. त्यानंतर नव्या फोनावर तो न्यायचा कसा? आणि जो खेळ कंपनीच्या संगणकाशी जोडल्याशिवाय चालतच नाही, तो कंपनीने कळ दाबली की सगळ्यांच्या हातात एकदमच मरतो. पूर्वी निर्माता माल मागे घेई, तेव्हा लोकांकडच्या प्रती उरत. आता मागे घेतले की थोड्या वर्षांत वस्तूच उरत नाही.

आपण हे एकदा भोगले आहे. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' दाखवला. पुढच्या दोन दशकांत देशात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. १९३१ साली 'आलम आरा' बोलू लागला आणि मूकपटांना कोणी विचारीना. मालकांना ती रिळे अडगळ वाटली. काही जळाली, काही चांदी काढण्यासाठी विकली गेली. पुण्याला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले १९६४ साली. तोवर मूठभर मूकपट, तेही बरेचसे तुकड्यांत, उरले होते. 'आलम आरा'ची तर एकही प्रत आज नाही. कोणी दुष्टपणाने हे केले नव्हते. नवे आले, जुन्याला गिऱ्हाईक उरले नाही, एवढेच.

याच्या उलट सावंतवाडीची गंजिफा पाहा. १९८१ पर्यंत सावंतवाडी आमच्याच जिल्ह्यात होती. गंजिफा मोगलांबरोबर आली. १५२७ साली सिंधच्या शाह हसनला गंजिफा पाठवल्याची नोंद बाबराने आपल्या आठवणींत केली आहे. ती फारशी नावाची पाने दक्षिणेत आली आणि त्यांवर मत्स्य, कूर्म, वराह उमटले. दहा अवतार, प्रत्येकाची बारा पाने, एकूण एकशे वीस. छापील पत्ते स्वस्त झाले तशी ही कला बुडत चालली. १९७० च्या दशकात शिवरामराजे भोसले आणि सत्त्वशीलादेवी यांनी उरल्यासुरल्या चिताऱ्यांकडून ती पुन्हा उभी केली. हे कसे शक्य झाले? लोकांच्या घरात जुने संच होते आणि एखाद्या म्हाताऱ्याच्या हातात कसब होते. खेळणारे आज थोडेच आहेत. पण संच आहे, म्हणून उद्या कोणाला खेळावेसे वाटले तर खेळता येईल.

जगात आता याची जाणीव होऊ लागली आहे. २०२४ साली एका फ्रेंच कंपनीने मोटार शर्यतीचा आपला दहा वर्षांचा खेळ बंद केला, तेव्हा युरोपात चळवळ उभी राहिली आणि २०२५ मध्ये तिच्या मागणीवर दहा लाखांवर सह्या झाल्या. मागणी एवढीच, की धंदा बंद करा, पण विकलेला खेळ चालू शकेल अशा अवस्थेत सोडून जा. कॅलिफोर्नियात २०२५ पासून कायदा लागू झाला, की गिऱ्हाइकाला फक्त वापराची परवानगी मिळत असेल तर विकणाऱ्याने ते स्पष्ट सांगावे.

आपल्याकडे १९५४ चा कायदा आहे. प्रकाशकाने पुस्तकाची एक प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि प्रत्येकी एक ठरलेल्या इतर सार्वजनिक ग्रंथालयांना द्यायची. त्या कायद्यात पुस्तके आहेत, वृत्तपत्रे आहेत, खेळ नाहीत. निर्मात्याने खेळ जरूर काढावा, तो त्याचा हक्क आहे. पण जाण्यापूर्वी एक प्रत कोठेतरी ठेवून जावे, असे म्हणायला काय हरकत आहे?

आता शेवटचे. दोन वर्षांपूर्वी कॉलेजातली एक मुलगी प्रबंधासाठी माझ्याकडे आली. तिच्या वहीत माझ्या त्या पहिल्या संग्रहातली एक कविता उतरवलेली होती. मी चकित झालो. म्हटले, "बेटी, हे तुला मिळाले कुठे?" ती म्हणाली, "सर, आपल्या जिल्हा नगर वाचनालयात." १८२८ साली स्थापन झालेल्या या वाचनालयाच्या कपाटात माझी एक प्रत माझ्याच हातून वाचली होती.

ती कविता अब्बांवर होती. सुटीच्या दिवशी ओटीवर बसून जाळे सांधणाऱ्या त्यांच्या बोटांवर. मी ती साफ विसरलो होतो. कविता कच्चीच आहे, शब्द जास्त आहेत. पण त्यात उजवा हात धडधाकट आहे आणि बोटे सुईसारखी चालली आहेत. फुगे फोडण्याचा तो खेळ मला पुन्हा मिळाला नाही. ही कविता मिळाली, कारण मी टाकून दिलेली वस्तू दुसऱ्या कोणीतरी जपून ठेवली होती.